‘छोटा जवान’ ते ‘धुमधडाका’ : मधली बावीस वर्षं

मंडळी, आज राजकारण नाही. नगरपालिका नाही, टेंडर नाही. आज सिनेमावर लिहितोय. पण शेवटी विषय आपल्या पोरांवर आणि आपल्या पाण्यावरच येणार आहे, म्हणून शेवटपर्यंत वाचा. पोस्ट लांब आहे, सवडीनं वाचली तरी चालेल.

विषय सुचायचं कारण सांगतो. पत्रकार म्हटलं की लोकांना वाटतं, याची मुंबईत ओळख असणार. त्यामुळे अलीकडे बातम्यांपेक्षा वेगळेच फोन जास्त येतात. ‘आमचा पिंट्या डायलॉग लय भारी म्हणतो, कुठं सीरियलमध्ये चिकटवा की.’ ‘मुलीच्या रीलला इतके लाख व्ह्यूज आलेत, पुढं काय करायचं?’ एका ओळखीच्या माणसानं तर पोराला ऑडिशनसाठी मुंबईला न्यायचं म्हणून सहामाही परीक्षा बुडवली. मी त्याला काही बोललो नाही. त्याच्या मनातला हिशेब मात्र समजला: पोरगं एकदा पडद्यावर दिसलं की पुढचं आयुष्य मार्गी लागलं.

हा हिशेब खरा आहे का? याचं उत्तर शोधायला हॉलिवूडला जायची गरज नाही. उत्तर आपल्याच मराठी सिनेमात आहे. त्याचं नाव महेश कोठारे.

आपल्या पिढीला कोठारे म्हटलं की इन्स्पेक्टरची वर्दी, ‘डॅम इट’ आणि तात्या विंचू आठवतो. पण आपल्या आईवडिलांना विचारून बघा. त्यांना वर्दीतला इन्स्पेक्टर नंतर आठवतो, आधी आठवतो तो एक गोरागोमटा, टपोऱ्या डोळ्यांचा लहान मुलगा.

लहान मुलांना पडद्यावर आणायची परंपरा आपल्याकडे सिनेमाइतकीच जुनी आहे. दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’ काढला, तेव्हा राजपुत्र झाला त्यांचा स्वतःचा मुलगा भालचंद्र. पुढं १९१९ च्या ‘कालिया मर्दन’मध्ये बाळकृष्ण झाली त्यांची मुलगी मंदाकिनी. त्या काळात सिनेमासाठी पोरं द्यायला कोण तयार होणार? म्हणून घरचीच उभी केली. १९५३ साली आचार्य अत्र्यांच्या ‘श्यामची आई’मध्ये माधव वझे श्याम झाले आणि त्या चित्रपटाला पहिलं राष्ट्रपती सुवर्णपदक मिळालं. एवढं यश मिळाल्यावर पोरगा तिथंच अडकला असता. वझे शिकले, इंग्रजीचे प्राध्यापक झाले आणि नाट्यदिग्दर्शक, नाट्यसमीक्षक म्हणून त्यांनी नाव कमावलं. हे लक्षात ठेवा, पुढं उपयोगी पडेल.

कोठारे १९५३ चेच, म्हणजे ‘श्यामची आई’च्या वर्षी जन्मलेले. वडील अंबर कोठारे रंगभूमीवरचे नट. त्यामुळे नाटकाच्या गप्पा, तालमी, पाठांतर हे घरातच. १९६३ साली राम गबाले यांच्या ‘छोटा जवान’मध्ये हा मुलगा चमकला. आदल्याच वर्षी चीनचं युद्ध झालेलं. सगळा देश दुखावलेला आणि जवान या शब्दाला घराघरांत किंमत आलेली. अशा दिवसांत पडद्यावरचा हा छोटा जवान लोकांनी मनापासून आपला मानला.

मग हिंदीनं बोलावलं. १९६८ चा ‘राजा और रंक’. मार्क ट्वेनच्या राजपुत्र आणि भिकारी मुलाच्या गोष्टीवर बेतलेला. दोन्ही मुलं महेशच, म्हणजे पंधरा वर्षांच्या आत डबल रोल! त्यातलं आईवरचं लतादीदींचं गाणं आजही शाळेच्या गॅदरिंगला लागतं आणि मागच्या रांगेतल्या बायका पदर डोळ्यांना लावतात. त्या गाण्यातला मुलगा म्हणजे पुढचा इन्स्पेक्टर महेश जाधव, हे निम्म्या लोकांना ठाऊक नसतं. १९७० साली ‘घर घर की कहानी’ आला. आणि मग मिसरूड फुटलं.

बालकलाकाराच्या आयुष्यातलं हे सगळ्यात अवघड वळण. आवाज फुटतो, उंची वाढते, गालावरची कोवळीक जाते. लोकांना तो मुलगा तसाच हवा असतो आणि तो तर दर महिन्याला बदलत असतो. मुलाच्या भूमिकेत तो मावत नाही आणि हिरो म्हणून कुणी घेत नाही. कालपर्यंत सेटवर सगळे लाड करत होते, आज कुणी विचारत नाही. चांगली चांगली पोरं या टप्प्यावर कायमची हरवलीत.

कोठारे हरवले नाहीत, कारण त्यांच्याकडे दुसरी वाट होती. त्यांनी शिक्षण सोडलं नव्हतं. कायद्याची पदवी घेतली आणि वकिलीही केली. काळा कोट घालून कोर्टात उभं राहणाऱ्या या तरुणाला बघून कुणी म्हणालं असतं की हा पुढं मराठी पडद्यावर बाहुल्याला जिवंत करणार? सिनेमाचं वेड गेलं नव्हतं. अधूनमधून भूमिका येत होत्या. १९८४ च्या ‘लेक चालली सासरला’मध्ये ते दिसले. पण लहानपणीच्या नावावर मोठेपणी कुणी फुकट काही दिलं नाही. आपल्याला हवा तसा सिनेमा हवा असेल तर तो आपणच काढायचा, हे मनाशी पक्कं झालं आणि १९८५ साली ‘धुमधडाका’ आला.

१९६३ ते १९८५. मोजून बावीस वर्षं. माझं म्हणणं एवढंच आहे की दिग्दर्शक महेश कोठारे घडले ते ‘छोटा जवान’च्या टाळ्यांमुळे नाही, या मधल्या बावीस वर्षांमुळे. आता हे कसं, ते सांगतो.

त्या वेळची मराठी सिनेमाची स्थिती डोळ्यांसमोर आणा. सत्तरच्या दशकात राज्य सरकारनं मराठी चित्रपटांना करमणूक कर परताव्याची योजना आणली आणि उद्योगाला थोडा श्वास मिळाला. दादा कोंडक्यांनी ‘सोंगाड्या’पासून रौप्यमहोत्सवांची रांग लावली होती. पण दादा सोडले तर बाकी काय? तमाशापट आणि रडके कौटुंबिक चित्रपट. शहरातला कॉलेजचा पोरगा मराठी पिक्चरला जाणं कमीपणाचं समजायचा. अमिताभचा पिक्चर लागला की थेटर फुल, आणि मराठी लागला की डोअरकीपर बाकावर झोपलेला. व्हिडिओ आला होता. आमच्या मराठवाड्यातल्या गावांत जत्रेतल्या तंबूत मराठी पिक्चर चालायचे, तेवढाच काय तो आधार.

‘धुमधडाका’नं हे चित्र बदलायला घेतलं. गोष्ट काही नवी नव्हती. तमिळमधल्या १९६४ च्या ‘काधलिक्क नेरमिल्लै’वरून हिंदीत १९६६ साली ‘प्यार किये जा’ झाला होता, तीच गोष्ट मराठीत आली. पण आणली अशी की ती इथलीच वाटावी. शरद तळवलकरांचा तो पैसेवाला बाप, अशोकमामांचं ते खोकत खोकत ‘व्याख्या विख्खी वुख्खी’, आणि त्या सगळ्यात सिनेमाच्या वेडानं झपाटलेला लक्ष्मीकांत बेर्डे. लक्ष्या महाराष्ट्राच्या घराघरांत शिरला तो इथून.

आता यातली खरी गोष्ट बघा. जो मुलगा लहानपणी पडद्याच्या मधोमध उभा होता, ज्याच्यासाठी कॅमेरा लागायचा, त्यानं मोठेपणी दिग्दर्शक झाल्यावर काय केलं? हिरो स्वतः राहिला, पण टाळ्या दुसऱ्यांना दिल्या. त्यांचे चित्रपट पुन्हा बघा. कोठारे बहुतेक वेळा सरळसोट माणूस. शिस्तीचा, जरा कडक, विनोद न करणारा. धमाल सगळी लक्ष्याकडे आणि अशोकमामांकडे. १९८७ च्या ‘दे दणादण’मध्ये कोठारे इन्स्पेक्टर आणि लक्ष्या हवालदार. अचाट शक्ती मिळते ती कुणाला? हवालदाराला. स्वतःच्या पैशातून, स्वतःच्या दिग्दर्शनात, दुसऱ्याला मोठं करायला छाती लागते. लहानपणी मिळालेली प्रसिद्धी एकदा गेलेली ज्यानं पाहिली आहे, त्यालाच हे जमतं असं मला वाटतं. आपण दिसलो नाही तर संपलो, ही भीती त्याच्यात उरलेली नसते.

दुसरी गोष्ट, लहान मुलांना काय आवडतं हे त्यांनी कधी विसरू दिलं नाही. ‘थरथराट’चा टकलू हैवान. ‘धडाकेबाज’चा कवट्या महाकाळ आणि बाटलीतला गंगाराम. व्हिलनची ही नावंच अशी की आम्ही पोरं शाळेत एकमेकांना त्याच नावांनी हाक मारायचो. एका मास्तरांना तर ‘कवट्या’ हे नाव कायमचं चिकटलं, ते बिचारे निवृत्त झाले तरी गेलं नाही. भीती वाटली पाहिजे पण रात्री झोप लागली पाहिजे, इतपतच भीती. हे माप ज्याला कळलं त्याला बालप्रेक्षक कळला. आणि पोरगं हट्ट करून निघालं की त्याच्याबरोबर आई, बाप, आजी अशी चार तिकिटं जास्त खपतात, हे थेटरवाल्यालाही कळलं.

तिसरी गोष्ट तंत्राची. ‘मराठी आहे, चालतंय’ हे कोठाऱ्यांना मान्य नव्हतं. १९९० चा ‘धडाकेबाज’ हा मराठीतला पहिला सिनेमास्कोप चित्रपट. आता मोबाइलवर सिनेमा बघणाऱ्या पोरांना यात विशेष वाटणार नाही. पण त्या काळी हिंदी पिक्चर पडदाभर पसरायचा आणि मराठीला मधला चौकोन मिळायचा. तो पडदा पहिल्यांदा मराठीनं भरला तेव्हा काय वाटलं, ते त्या अंधारात बसलेल्यालाच माहीत. १९९३ ला ‘झपाटलेला’. रामदास पाध्यांनी घडवलेला बाहुला, दिलीप प्रभावळकरांचा तात्या विंचू आणि घाबरगुंडी उडालेला लक्ष्या. कल्पना ‘चाइल्ड्स प्ले’ या १९८८ च्या अमेरिकन चित्रपटावरून घेतलेली. पण मराठी घरातली आई, गावातला वाडा, पोलीस चौकी यांत ती इतकी मुरली की आज कुणी मूळ चित्रपट दाखवला तर आपल्याला तोच नकली वाटेल. पुढं २०१३ ला ‘झपाटलेला २’ त्यांनी थ्रीडीत काढला. साठीला टेकलेला माणूस नवं तंत्र शिकत होता.

आता दुसरी बाजूही सांगितली पाहिजे, नाहीतर ही पोस्ट आरती होईल. कोठाऱ्यांच्या बऱ्याच चित्रपटांच्या गोष्टी इकडून तिकडून घेतलेल्या होत्या. नायिकांना गाण्यापलीकडे फार काम नसायचं. समीक्षकांनी त्यांना कधी फार मनावर घेतलं नाही. आणि त्यांच्या यशाकडे बघून नव्वदच्या दशकात जे विनोदी चित्रपट निघाले, त्यातले कित्येक आज पाच मिनिटं बघवत नाहीत. तोच लक्ष्या, तेच अशोकमामा, पण मागं दिग्दर्शक नाही. नकलाकारांनी विनोद तेवढा उचलला आणि मेहनत तिथंच ठेवली. लक्ष्या तर २००४ च्या डिसेंबरात गेलाच. त्याच्या जाण्यानं एक पर्व संपलं.

कोठारे एकटेच असे होते का? नाही. सचिन पिळगावकर बघा. साठच्या दशकाच्या सुरुवातीला राजा परांजप्यांच्या ‘हा माझा मार्ग एकला’मध्ये लहानगा सचिन आला. १९६७ ला हृषिकेश मुखर्जींच्या ‘मझली दीदी’त मीनाकुमारीसमोर उभा राहिला. मोठेपणी ‘गीत गाता चल’, ‘शोले’, ‘नदिया के पार’. दिग्दर्शक म्हणून पहिला चित्रपट ‘मायबाप’, १९८२. म्हणजे इथंही मध्ये वीस वर्षं. १९८८ ला आला ‘अशी ही बनवाबनवी’, वसंत सबनिसांच्या लेखणीतून उतरलेला. तो ज्या ‘बीवी और मकान’वर बेतला आहे, तो १९६६ चा हिंदी चित्रपट कुणाचा? हृषीदांचाच! लहानपणी ज्यांच्या सेटवर काम केलं, त्यांचाच फारसा न चाललेला चित्रपट मोठेपणी मराठीत आणून अजरामर केला. आज सचिनवर मीम करणाऱ्या पोरांनी करावेत खुशाल, पण हा इतिहासही माहीत असू द्या. सेटवर उभं राहून मूल जे बघतं, ते कुठंतरी साठत राहतं. ते बाहेर यायला वीस वर्षं लागतात.

आता पुढची पिढी, आणि इथंच गोष्ट आपल्या दारात येते.

१९९४ साली कोठाऱ्यांनी ‘माझा छकुला’ काढला. छकुला झाला त्यांचाच मुलगा आदिनाथ, वय दहा. फाळक्यांनी जे केलं तेच. गिधाड गँगला सळो की पळो करून सोडणारं ते पोरगं महाराष्ट्राचं लाडकं झालं. आता इथंही लगेच पुढचे दहा पिक्चर झाले असते. झाले नाहीत. नायक म्हणून तो आला २०१० च्या ‘वेड लावी जीवा’त. पुढं ‘८३’मध्ये दिलीप वेंगसरकर, ‘चंद्रमुखी’त दौलत. आणि दिग्दर्शक म्हणून पहिला चित्रपट कोणता निवडला? बापाच्या वाटेवरचा बाहुला, भूत, धमाल? नाही. ‘पाणी’.

‘पाणी’ची गोष्ट आपल्या मराठवाड्याची. नांदेड जिल्ह्यातलं नागदरवाडी. गावात पाणी नाही म्हणून पोरांना मुली देत नाहीत. हनुमंत केंद्रे या तरुणाच्या खऱ्या धडपडीवर चित्रपट बेतलेला आहे. लग्न मोडतं ते हुंड्यावरून नाही, जातीवरून नाही, हंड्यावरून. मुंबईच्या माणसाला हे सिनेमातलं वाटेल. आपल्याकडे ज्यानं उन्हाळ्यात स्थळं बघितलीत त्याला विचारा. एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून लातूरला रेल्वेनं पाणी आणावं लागलं होतं, ते आपण विसरलेलो नाही. आदिनाथनं हनुमंतचं काम स्वतः केलं. सिनेमाच्या घरात वाढलेला मुलगा माथ्यावर पाणी अडवायला चर खोदणाऱ्या माणसाची गोष्ट सांगायला आपल्याकडे आला.

२०१९ च्या ऑगस्टमध्ये राष्ट्रीय पुरस्कार जाहीर झाले, त्यात पर्यावरण संवर्धनावरचा सर्वोत्कृष्ट चित्रपट ठरला ‘पाणी’. बापाला समीक्षकांनी जे दिलं नाही ते पोराला पहिल्याच चित्रपटात मिळालं. आणि चित्रपट थेटरात लागला कधी? १८ ऑक्टोबर २०२४. राष्ट्रीय पुरस्कार मिळालेल्या मराठी चित्रपटाला, मागं प्रियांका चोप्राची कंपनी असताना, प्रेक्षकांपर्यंत पोचायला पाच वर्षं लागली. मधे कोरोना आला हे खरं, पण तरी पाच वर्षं. आणि आमच्या तालुक्याच्या गावात तो लागलाच नाही, कारण लागायला थेटरच उरलं नाही. जिथं लहानपणी आम्ही ‘झपाटलेला’ बघितला, तिथं आज मंगल कार्यालय आहे. ज्या लोकांवर सिनेमा, त्याच लोकांना तो मोठ्या पडद्यावर बघायला दुसऱ्या गावी जावं लागतं. मराठी चित्रपटाला अनुदान द्या, जरूर द्या. पण तालुक्याला एक पडदा राहील याचीही सोय बघा, असं आपल्या आमदार-खासदारांना कधीतरी विचारायला पाहिजे.

तर, बापाची बावीस वर्षं. पोराची ‘छकुला’ ते ‘पाणी’चा पुरस्कार, पंचवीस वर्षं, आणि थेटरापर्यंत यायला तीस. सचिनची वीस. या तिघांच्याही घरी सिनेमाचं वातावरण होतं. सचिनचे वडील स्वतः निर्माते होते. मुंबईत घर, ओळखी, पाठबळ, सगळं होतं. तरीही एवढी वर्षं लागली. मग ज्यांच्याकडे यातलं काहीच नाही त्या आपल्या पोरांनी एका रीलवर किंवा एका सीरियलवर सगळं पणाला लावायचं का?

पोरांना पाठवू नका असं मी म्हणत नाही. अंगात कला असेल तर जाऊ द्या, शिकू द्या. पण शाळा चालू ठेवा आणि कायदा माहीत करून घ्या. बालकामगार कायद्यात २०१६ ला दुरुस्ती झाली आणि २०१७ ला नियम आले. चौदा वर्षांखालच्या मुलांना सिनेमा, मालिका, जाहिरातीत काम करायला परवानगी आहे, पण अटींवर. त्या अशा:

दिवसात पाच तासांपेक्षा जास्त काम नाही, आणि विश्रांती न देता सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही.

सलग सत्तावीस दिवसांपेक्षा जास्त काम नाही. शिक्षणात खंड पडता कामा नये.

शूटिंग ज्या जिल्ह्यात आहे तिथल्या जिल्हा दंडाधिकाऱ्यांची, म्हणजे कलेक्टरांची परवानगी निर्मात्यानं आधी घेतली पाहिजे.

जास्तीत जास्त पाच मुलांमागं एक जबाबदार माणूस सेटवर नेमला पाहिजे.

मुलाच्या कमाईतली किमान वीस टक्के रक्कम थेट त्याच्या नावानं राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत गेली पाहिजे.

आणि मुलाची इच्छा नसेल तर त्याच्याकडून काम करून घेता येत नाही. मुलाची इच्छा, तुमची नाही.

कुणी फोन करून ‘तुमचं बाळ सिलेक्ट झालंय, पोर्टफोलिओचे इतके भरा’ म्हणालं, तर पैसे भरण्याआधी एकच प्रश्न विचारा: कलेक्टरच्या परवानगीचा कागद कुठाय? काम देणारा पैसे देतो, मागत नाही.

आपल्या जिल्ह्यातल्या कुणाचं मूल शूटिंगला जाऊन आलं असेल आणि ठरलेले पैसे मिळाले नसतील, किंवा या नियमांपैकी काही पाळलं गेलं नसेल, तर मला इनबॉक्समध्ये कळवा. नाव गुप्त राहील. आठ-दहा जणांची माहिती जमली की मी कागद घेऊन कलेक्टर कचेरीत जाणार आहे. काय उत्तर मिळतं ते इथंच लिहीन.